तलावाकडे पाठ करून पळालेला

ताई बोलायला लागली की समोरच्याला श्वास घ्यायलाही फट सापडत नसे. तिचा धाकटा भाऊ मात्र बोलताना अडखळायचा. त्यामुळे लहानपणापासून दोघांत वाटणी ठरलेली: वाक्य त्यानं सुरू करायचं, ताईनं संपवायचं. मास्तर असोत की डॉक्टर, ती बिनदिक्कत संपवायची. चुकीचं संपवलं तरी धाकटा मान हलवायचा. नवं वाक्य सुरू करण्यापेक्षा ते सोपं.

मोठेपणी त्यानं नोकरीही तशीच शोधली. सरकारी पोहण्याच्या तलावावर जीवरक्षक. शिट्टी वाजवायला अडखळावं लागत नाही.

आता तीच नोकरी जायच्या बेतात होती. एक मुलगी बुडत असताना भर गर्दीत सगळ्यांनी पाहिलं, जीवरक्षक खुर्चीवरून उतरला आणि तलावाकडे पाठ करून पळत सुटला. मुलीला वर काढलं ते पोहायला आलेल्या एका सुतारानं. "घाबरून पळालास ना?" व्यवस्थापकांनी विचारलं. धाकट्यानं तोंड उघडलं, खूप खटपट केली आणि शेवटी मान हलवली. नोटीस आली तेव्हाही तो काहीतरी सांगायला लागला होता. "तू गप्प बस, मी बघते," म्हणून ताईनंच उत्तर लिहिलं: भाऊ घाबरला, चूक पोटात घाला.

चौकशी करणाऱ्या बाईंना कर्मचारी 'कात्री' म्हणत. त्यांच्यापुढे गेलेला माणूस अख्खा परत येत नाही, अशी ख्याती. सोबतीला एक माणूस नेता येतो म्हणून ताई गेली, ती हातापाया पडायच्या तयारीनंच.

"तुमचं म्हणणं सांगा," बाई म्हणाल्या.

"म... मी..."

"घाबरला हो तो, बाई! मुळातच भित्रा, त्यात..."

"ताई, वाक्य त्यांचं आहे. त्यांनाच पुरं करू द्या."

व्यवस्थापकांनी घड्याळ पाहिलं. "मॅडम, त्यानं कबूल केलंय. लेखी उत्तरही आहे."

"तुमच्या जबानीत मान हलवली एवढंच आहे. आणि हे उत्तर कुणाच्या अक्षरात आहे?"

ताईनं मान खाली घातली. बाईंनी पेन ठेवलं, खुर्चीला पाठ टेकली आणि वाट पाहू लागल्या. चेहऱ्यावर ना कंटाळा, ना दया. ताईच्या जिभेवर वाक्य येऊन उभं होतं. तिनं ओठ दाताखाली घट्ट धरले. आयुष्यात इतकं अवघड काम तिनं केलं नव्हतं.

"मुलीचा प... पाय तळाच्या जाळीत ओढला गेला होता," धाकटा म्हणाला. "म... मोटर पाणी खेचत होती. नुसती उडी मारून सु... सुटला नसता. मोटरघर मागे आहे. तिकडे पळालो. ब... बंद केली."

बाईंनी बाहेरून सुताराला बोलावलं. "मुलगी लगेच वर आली?"

"छे हो! जीव खाऊन ओढत होतो, हलेचना. मग एकाएकी सुटली. मला वाटलं, माझाच जोर."

"आणि मोटर?" त्यांनी व्यवस्थापकांना विचारलं.

"बंद सापडली. आम्हाला वाटलं, बिघडली असेल."

सुतार धाकट्याकडे बघतच राहिला. बाईंनी मात्र ना शाबासकी दिली, ना कुणाला झापलं. त्यांनी धाकट्याचा जबाब लिहून काढला, मोठ्यानं वाचून दाखवला आणि त्याला विचारलं, "यात दुसऱ्या कुणाचा शब्द घुसलाय?" त्याच्या 'नाही'साठीही त्या तेवढ्याच शांतपणे थांबल्या. आपल्या भावासाठी असं कुणी थांबलेलं ताईनं कधी पाहिलंच नव्हतं.

"नोकरीवरून काढण्यासारखं यात काही नाही. तसंच मी लिहीन."

"बाई, फार उपकार झाले!"

"उपकार कसले? काढण्याआधी ऐकून घ्यायचं, हा त्यांचा हक्क आहे. काढावं लागलं असतं, तरी एवढंच ऐकलं असतं."

जिन्यात धाकटा थांबला. "ताई, म... मी..."

ताईकडे त्या वाक्याचे पाच-सहा शेवट तयार होते. तिनं कठडा धरला. माणसं कडेनं वाट काढून गेली.

"मी घाबरलो होतोच. फ... फार. पण घाबरूनही मोटरीकडेच पळालो."

ताई तिथंच पायरीवर बसली.

"आणखी सांग," ती म्हणाली.