गंजक्या तलवारीला पाणी

मी बोलतेय. इकडे, पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात बघा. त्या झगमगत्या परशूच्या खाली, अर्धवट खाल्लेल्या भाकरीच्या चित्राशेजारी जी तपकिरी काटकी दिसते ना, ती मी. काटकी नाही हो, तलवार आहे मी. गंजकी तलवार.

माझा जन्म एका व्हिडिओ गेममधल्या पिंपात झाला. हा राक्षस, जादू आणि किल्ल्यांचा खेळ. तो सुरू झाला की वीर झोपेतून उठतो, दारातलं पिंप फोडतो आणि आतून मी निघते. माझ्यावर बोट ठेवलंत की माझी माहिती झळकते : 'गंजकी तलवार. मारा : ७. काही नसण्यापेक्षा बरी.' ज्याने कुणी हे लिहिलं, त्याला माझं एवढंच सांगणं आहे की सातचं आठ केलं असतं तर त्याच्या खिशातलं काही जाणार नव्हतं.

मला पिंपातून काढलं ते एका घरातल्या सुनेने. ही सूनबाई रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत रक्त तपासते. पहाटे जाते, दुपारी येते, जेवते आणि तासभर टीव्हीसमोर पाय पसरून हा खेळ खेळते. नवरा बोटीवर कामाला, सहा-सहा महिने घरी नाही. घरात सासू, सासरे आणि ती. आपल्या वीराला तिने ओठांवर मावणार नाहीत एवढ्या मिशा दिल्या आणि नाव ठेवलं मिशाळ.

मिशाळच्या हातात मी उंदीर मारले, वटवाघळं मारली, एकदा तर चुकून एका गरीब दूधवाल्यालाही लागले. ते माझे सोन्याचे दिवस होते. मग मिशाळला भाला मिळाला, पुढे करवतीच्या दातांचा परशू मिळाला आणि माझी रवानगी पिशवीच्या तळाशी झाली. माणसांचं असंच असतं. नवीन आलं की जुनं लगेच फेकतही नाहीत आणि वापरतही नाहीत. नुसतं ठेवून देतात, 'असू दे, लागेल कधीतरी' म्हणून.

आता सासऱ्यांबद्दल सांगते, कारण माझ्या आयुष्याची गाठ त्यांच्याशी पडायची होती. सासरे लोहार. चाळीस वर्षं विळे, कोयते, सुऱ्या घडवल्या. घरामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये त्यांची भट्टी आहे. पण चार महिन्यांपूर्वी न्हाणीघरात पाय घसरला आणि उजवं मनगट मोडलं. प्लास्टर निघालं, तरी मुठीत जोर येईना. डॉक्टर म्हणाले, "आजोबा, आता घण विसरा. बोटांचा व्यायाम करा." त्यांनी दाबायला रबरी चेंडू दिला. सासऱ्यांनी तो दोन दिवस दाबला आणि तिसऱ्या दिवशी खिडकीबाहेर भिरकावला, तोही डाव्या हाताने.

तेव्हापासून ते दिवसभर हॉलमध्ये बसून सगळ्यांवर करवादायचे. शेवटी सूनबाईने त्यांच्या हातात खेळाचा कंट्रोलर ठेवला. "बाबा, बटणं दाबा. बोटं तरी हलतील."

"हे खेळणं? माझ्या हातात?"

"राक्षस मारायचे असतात."

"मग दे."

आठवडाभरात सासरे इतके रमले की सासूबाईंना जेवायला तीन-तीन हाका माराव्या लागायच्या. फक्त एकाच गोष्टीवर त्यांचं डोकं फिरायचं. खेळातल्या गावात एक लोहार आहे. तो दिसला की सासरे टीव्हीवर ओरडायचे, "अरे शहाण्या, लोखंड काळं पडलंय आणि ठोकतोयस काय! आधी तापव! कुणी शिकवलं तुला?" तो बिचारा चित्रातला. हसून पुन्हा थंड लोखंड ठोकायचा आणि सासऱ्यांच्या नाकाला मिरच्या झोंबायच्या.

एकदा पिशवी चाळताना त्यांना मी दिसले. त्यांनी माझं वर्णन मोठ्याने वाचलं. "काही नसण्यापेक्षा बरी." मग आपल्या मनगटाकडे बघून म्हणाले, "माझ्यासारखीच की." मला फार लागलं ते.

याच सुमाराला सूनबाईची गाडी एका जागी अडली. खेळाच्या शेवटी लोहासुर नावाचा राक्षस आहे, ताडाएवढा उंच, नखशिखांत लोखंडाचा. त्याने मिशाळला तेवीस वेळा आडवं केलं होतं. तिच्याजवळ शेवटचा एकच उपाय उरला होता, तो म्हणजे तारामणी. हा मणी अख्ख्या खेळात एकदाच मिळतो. गावच्या लोहाराकडे गेलात की तो कुठल्याही एका हत्यारात बसवून देतो आणि तीन गुणांपैकी एक गुण देतो : आग, विष किंवा पाणी. शिवाय जुनं हत्यार वितळवून त्याचं लोखंड नव्यावर चढवायचीही सोय आहे. एकदा केलं की केलं, त्यात बदल होत नाही.

चार दिवस ती याच विचारात होती. वहीत रकाने आखले, इंटरनेटवर अनोळखी माणसांशी वाद घातला, पोळी तव्यावर करपवली. शेवटी सासूबाईंना विचारलं, "आई, परशूला आग द्यावी की विष?"

"दोन्ही दे."

"एकच मिळतं."

"मग दुकान बदल."

अखेर ठरलं. त्या दिवशी कंट्रोलर खाली ठेवताना ती सासऱ्यांना म्हणाली, "उद्या दुपारी आले की परशूला विष देते. आणि ती गंजकी तलवार वितळवून टाकते. उगाच जागा अडवतेय."

पिशवीच्या तळाशी मी दूधवाल्याची मनातल्या मनात माफी मागून घेतली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती कामावर गेली आणि सासरे 'व्यायामाला' बसले. मिशाळला घेऊन थेट त्या लोहाराकडे गेले. बहुधा शिव्या द्यायलाच गेले असतील. पण तिथे सगळी हत्यारं ओळीने मांडलेली दिसली आणि त्यांनी मला निवडून मोठं करून पाहिलं. इतक्या जवळून मला कुणी कधी पाहिलं नव्हतं. ते पुढे सरकले, चष्मा कपाळावर चढवला आणि पुटपुटले, "पातं काही वाईट नाही. वरवर गंज आहे. मूठही बरी आहे. मग धार का धरत नाही?" तेवढ्यात बाजूला ते तीन शब्द उमटले : आग, विष, पाणी.

सासऱ्यांनी मांडीवर थाप मारली. "हेच तर! हिला कुणी पाणीच दिलेलं नाही!"

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. लोहाराच्या भाषेत हत्याराला पाणी देणं म्हणजे ते तापवून, नेमक्या रंगावर आलं की पाण्यात बुडवणं. त्याने पातं कडक होतं, धार टिकते. बिनपाण्याचा विळा म्हणजे नुसती पट्टी. चाळीस वर्षं हेच करणाऱ्या माणसाला 'पाणी' या शब्दाचा दुसरा अर्थ सुचणार तरी कसा? खेळाने विचारलं, 'नक्की? हा निर्णय बदलता येणार नाही.'

"मला विचारतोय, नक्की!" सासरे म्हणाले आणि त्यांनी बटण दाबलं.

मी उजळले. माझा गंज निळसर झाला, मारा सातचा अकरा झाला आणि नवं नाव झळकलं : पाणीदार गंजकी तलवार. माझा ऊर भरून आला. आणि मग माझ्या टोकातून पाणी ठिबकायला लागलं. टप, टप, टप.

"अगं, हे गळतंय!" सासरे ओरडले. सासूबाई पदर खोचून धावत आल्या आणि आधी टीव्हीच्या मागे हात घालून बघितलं. तिथे कोरडं होतं. मग सगळा प्रकार त्यांच्या ध्यानात आला. "सुनेचा तो एकुलता एक मणी वापरलात? आता तिला काय सांगणार आहात?"

सासऱ्यांच्या तोंडचं पाणी पळालं. माझं मात्र थांबेना. त्यांनी मला वाळवायला म्हणून मिशाळला शेकोटीजवळ उभं केलं, तर शेकोटीच विझली. गावातल्या उरलेल्या दोन शेकोट्याही विझवून झाल्या. मग त्यांनी टीव्ही बंद केला आणि चेहरा असा केला की जणू सकाळपासून ते नुसतं वर्तमानपत्रच वाचत होते.

दुपारी सूनबाई आली, जेवली, बसली. खेळ सुरू झाला. तिने पिशवी वरपासून खालपर्यंत चाळली, पुन्हा चाळली.

"बाबा, मणी कुठे गेला?"

"तलवारीला पाणी दिलं." सासरे वर्तमानपत्राआडून म्हणाले. वर्तमानपत्र उलटं होतं.

"कुठल्या तलवारीला? गंजकीला? अहो बाबा, ते पाणी म्हणजे पाणी! नळाचं, नदीचं! विस्तव विझवायचं!"

"मला वाटलं आपलं ते पाणी."

ती उठून स्वयंपाकघरात गेली. पुढची दहा मिनिटं तिथून भांड्यांचे आवाज येत राहिले. एरवी ती भांडी इतकी स्वच्छ कधी घासत नाही. सासऱ्यांनी वर्तमानपत्राची घडी घातली, पुन्हा उलगडली, पुन्हा घातली. मग सासूबाईंना हळू आवाजात म्हणाले, "एवढं एकच तर येत होतं मला. तेही आता कुणाच्या कामाचं नाही."

स्वयंपाकघरातली भांडी थांबली. सूनबाई ओले हात पुसत बाहेर आली, त्यांच्या शेजारी बसली आणि म्हणाली, "चला, बघू तरी तुमची तलवार किती पाण्यात आहे."

लोहासुराच्या गुहेत मी पहिल्यांदाच गेले. सूनबाईने मला त्याच्या गुडघ्यावर हाणलं. इजा : १. पुन्हा हाणलं. इजा : १. त्याच्या पायावरून पाणी ओघळलं आणि धूळ निघून पाय चकाकायला लागला.

"अंघोळ घालतेयस का त्याला?" सासूबाईंनी विचारलं. त्या शेंगा सोलत मागे उभ्या होत्या.

तेवढ्यात लोहासुर खवळला. खवळला की तो तापतो, लाल होतो आणि त्या वेळी त्याचा एक फटका पुरतो. त्यामुळे सगळ्या जगाचा सल्ला एकच, लाल झाला की पळा. सूनबाई पळाली, कोपऱ्यात सापडली आणि मिशाळ चोविसाव्यांदा आडवा झाला.

सासरे मात्र खुर्चीच्या कडेवर आले होते. "तू पळालीस का?"

"बाबा, तो तापतो ना!"

"तापतो म्हणूनच थांबायचं. जास्त तापलेलं लोखंड एकदम पाण्यात घातलं की काय होतं?"

"काय होतं?"

"तडकतं! शिकत होतो तेव्हा असे कितीतरी विळे तडकवलेत मी. वडिलांचा मारही खाल्लाय. कर सुरू. मी सांगेपर्यंत हाणायचं नाही."

पंचविसाव्या खेपेला सूनबाईने घाई केली आणि मिशाळ गेला. "तेव्हा तो नुसता लाल होता," सासरे म्हणाले, "लाल नको. नारिंगी होऊ दे, नारिंगीच्याही पुढे."

सव्विसावी खेप. लोहासुर खवळला. मिशाळ त्याच्या पायाशी उभा राहिला. सूनबाईचे अंगठे बटणांवर टेकले होते, मी टपटपत होते, शेंगा सोलायच्या थांबल्या होत्या. तिचं लक्ष राक्षसाच्या हाताकडे होतं. सासऱ्यांचं फक्त त्याच्या रंगाकडे.

"थांब," ते म्हणाले. तो लाल झाला. "थांब." नारिंगी झाला. त्याने मूठ वर उचलली. "बाबा!" "थांब म्हटलं ना!" मूठ खाली यायला लागली, लोखंड पिवळं पडलं. "आता!"

मी घुसले. चर्र झालं, पडदा वाफेने भरला आणि खाड्कन आवाज झाला. त्याच्या गुडघ्यापासून कमरेपर्यंत तडा गेला होता. दुसऱ्या वेळी छाती तडकली. तिसऱ्या वेळी सूनबाईने 'आता'ची वाटसुद्धा पाहिली नाही, तिला स्वतःलाच रंग कळला. लोहासुराचे तुकडे तुकडे झाले. सात माऱ्याच्या, पिंपात जन्मलेल्या, वितळवायला काढलेल्या मी त्याला पाणी पाजलं!

सूनबाई सोफ्यावर उभी राहून नाचली. सासूबाईंच्या शेंगा घरभर झाल्या. सासऱ्यांनी दोन्ही हातांनी टाळ्या वाजवल्या आणि वाजवून झाल्यावर त्यांच्या लक्षात आलं की उजवा हात दुखतोय.

विजयाचं बक्षीस म्हणून सूर्यखड्ग मिळालं. मारा : ९००. मला कळून चुकलं की आता आपलं काही खरं नाही. सूनबाई गावच्या लोहाराकडे गेली, माझ्यावर बोट ठेवलं, 'वितळवा' हा शब्द उमटला. तिने तो ओलांडला आणि 'नाव बदला' दाबलं. एकेक अक्षर शोधून लिहिलं : बाबांनी पाणी दिलेली. मग मला मिशाळच्या घरातल्या पेटीत ठेवलं, वर जुना परशू आणि शेजारी अर्धी भाकरी.

आता मी तिथेच असते. खाली मऊ कापड आहे, थोडी ओल असते, ती माझीच. वर्णन अजून तेच आहे, ते बदलायची सोय नाही. तुम्ही हे असले खेळ खेळत असाल, तर माझी एकच विनंती आहे. 'वितळवा' दाबण्याआधी, पिशवीच्या तळाशी काय आहे ते एकदा घरातल्या कुणाला तरी दाखवा. चष्मा कपाळावर चढवून बघणारा असेल तर उत्तमच.

हल्ली टीव्ही फारसा लागत नाही. त्या दिवशी खेळ संपल्यावर सूनबाईने विचारलं होतं, "बाबा, खरं लोखंड दाखवाल मला, रंग कसे बदलतात ते?"

"दाखवेन. पण घण कोण मारणार?"

"मी आहे ना."

सासूबाई म्हणाल्या, "आधी ते केस बांध."

दुपारची ती घरी आली की मागच्या शेडमधून भात्याचा आवाज येतो. मग घणाचे घाव पडतात, आधी वाकडेतिकडे पडायचे, आता बरेच सरळ पडतात. आणि मग सगळं शांत होतं. पेटीच्या अंधारात मीही श्वास रोखते, कारण पुढचं मला पाठ आहे.

"थांब," भिंतीपलीकडून सासऱ्यांचा आवाज येतो. "थांब... आता!"

आणि चर्र होतं.