मान फिरवण्याची वेळ

चंद्रभानची तिसरी थप्पड बसली आणि ओसरीवरची मंडळी पोट धरून हसली. नत्थू गरकन फिरला, खांबावर आपटला आणि घसरत खाली बसला. सिनेमात तो असाच बसायचा. फरक एवढाच की या खेपेला तोंडात रक्ताची खारट चव होती.

"अजून एक, चंद्रभान!" मागून कोणीतरी ओरडलं.

पंचावन्नच्या दिवाळीनंतर देवळीच्या तंबूत नत्थूचा सिनेमा लागला होता. अकरा वर्षांत सोळा सिनेमे, आणि सोळांतही काम एकच, मालकाच्या हातची थप्पड खाणाऱ्या नोकराचं. नाव कोणाला ठाऊक नव्हतं, गाल मात्र सगळ्यांच्या ओळखीचा. तो बहिणीला भेटायला रोहण्याला आला, तर तिच्या नवऱ्याने, या चंद्रभानने, गावाला खेळाचं आवतणच देऊन ठेवलेलं. पाहुण्याला पाण्याआधी थप्पड मिळाली.

"हळू ना भाऊजी," नत्थू हसत म्हणाला. "सिनेमात हात लागतच नाई. मी मान फिरवतो, बाजूचा माणूस टाळी वाजवते."

"मंग फिरवून दाखव ना!" चंद्रभान म्हणाला आणि बोलता बोलताच चौथी हाणली.

सगळी विद्या त्या मानेतच होती. हात पोचायच्या जरा आधी फिरली तर लबाडी दिसते, जरा उशिरा फिरली तर दाढ जाते. मारणाऱ्याचा हात बघायचा नाही, खांदा बघायचा. नत्थूला हे साधायला दोन वर्षं लागली होती. पण चंद्रभान सांगून मारणाऱ्यांतला नव्हता. बहिणीचा संसार याच माणसाच्या हाती होता, म्हणून नत्थू हसत राहिला.

शकुबाई चहा घेऊन बाहेर आली. आई गेल्यावर तिनेच त्याला वाढवलं होतं. भावाचा फुटलेला ओठ बघून तिने नजर खाली वळवली.

"लागलं काय रे?"

"नाई बाई. सवय हाय मले."

तेवढ्यात चंद्रभानने खुंटीवरची टोपी काढायला हात वर केला. नुसती टोपी. शकुबाईची मान फिरली. हातातली कपबशी वाजली नाही, पाऊल हललं नाही, फिरली ती फक्त मान, ना आधी ना उशिरा. मंडळींचं लक्ष चहाकडे होतं. तिला ही विद्या कोणी शिकवली, हे विचारायची गरज नव्हती. तिचं काम त्याच्यापेक्षा सफाईदार होतं.

तो उठला. तिच्या हातातली कपबशी घेऊन त्याने खाली ठेवली.

"भाऊजी, एक सीन राह्यलाच," तो म्हणाला. "त्यात नोकर मालकाले मारते."

"हाव का? ये मंग!" चंद्रभानने मंडळींकडे बघून डोळा मारला आणि गाल पुढे केला.

अकरा वर्षांत नत्थूने कोणावर हात उचलला नव्हता. आज उचलला, आणि खाली आणताना काहीच राखून ठेवलं नाही. चंद्रभान दाराच्या चौकटीवर आदळला. नाक फुटलं. उठायला गेला तर दुसरी बसली, मग तिसरी. कसं पडावं हे त्याला ठाऊकच नव्हतं, पोत्यासारखा तोंडावर पडला. मंडळी टाळ्या पिटत होती. एका म्हाताऱ्याच्या डोळ्यांत हसून हसून पाणी आलं.

"बाई," नत्थू धापा टाकत म्हणाला, "चारच्या गाडीनं पुलगावले जाऊ. लुगडी बांधून घे."

शकुबाई आत गेली. नत्थू वहाणा घालायला वाकला. तो सरळ उभा राहतो तोवर ती दारात आली होती, काखेत गाठोडं घेऊन.

गाठोड्याच्या गाठीवर धूळ बसलेली होती.