घंटेचे बारसे

आमच्या गावातल्या चर्चची जुनी घंटा तडकली, तेव्हा नवी ओतून आणायचे ठरले. आमच्याकडे घंटेचेही बारसे होते. फादर तिला पवित्र पाण्याने धुतात, बायका तिला पांढरे, लेसचे कापड नेसवतात, पोरांना साखरेत घोळलेले बदाम वाटतात. घंटेला धर्ममाता असते आणि बहुतेक वेळा नाव तिचेच देतात. यंदा धर्ममाता होती ओनोरीन, गावातली सगळ्यांत म्हातारी बाई.

मला मात्र घंटेचे नाव सिमोन हवे होते. सिमोन माझी बायको. गेल्या हिवाळ्यात ती गेली. तेव्हापासून माझ्यासमोर कोणी तिचे नाव घेत नाही. मी बेकरीत शिरलो की बोलणारी माणसे गप्प होतात. मला त्रास होऊ नये म्हणून करतात, पण त्याने घर आणखी रिकामे वाटते. घंटेला तिचे नाव मिळाले, तर ते रोज कोणाच्या तरी तोंडी येईल, एवढेच माझे म्हणणे होते.

अडचण अशी, की ओनोरीनचे आणि सिमोनचे हाडवैर. आमच्या कोंबड्या ओनोरीनच्या वाफ्यातला सॅलडचा पाला खायच्या, आणि मग भिंतीच्या दोन्ही बाजूंनी दोघींचे सुरू व्हायचे. गल्ली खिडक्या उघडून ऐकायची.

आधी मी फादरना विचारले, की हे नाव चर्चला चालेल का.

"चालेल म्हणजे काय, आन्सेल्म! जुन्या करारातलं नाव आहे. लेआ नवऱ्याची नावडती होती. मुलगा झाला तेव्हा ती म्हणाली, देवानं माझं ऐकलं. म्हणून त्याचं नाव शिमोन. हिब्रूत 'ऐकलं' असाच अर्थ. त्यावरून आपल्याकडे मुलींचं सिमोन झालं. पण ओनोरीनला तुम्ही विचारा. मी नाही विचारणार बुवा."

अक्रोडाच्या वाइनची बाटली घेऊन मी तिच्याकडे गेलो.

"घंटेचं काम दिसतंय," बाटली बघून ती म्हणाली.

"ओनोरीनबाई, तिचं नाव सिमोन ठेवू या का?"

"माझ्या डोक्यावर? दर तासाला? अरे, जिवंत होती तेव्हा निदान रात्री झोपायची तरी!"

मी तिला नावाचा अर्थ सांगितला.

"ऐकलं? तिनं? कोंबड्या कोंडून ठेव म्हणून ओरडताना माझा घसा बसला. एक अक्षर ऐकलं नाही त्या बयेनं."

"सगळं ऐकायची. घरात येऊन तुमची नक्कल करायची."

"माझी?"

मी कमरेवर हात ठेवले, मान वाकडी केली. "'आवर गं तुझी ती भुतावळ!'"

ओनोरीन इतकी हसली, की तिला ठसका लागला. मग डोळे पुसत म्हणाली, "हल्ली भिंतीपाशी जाते, तर पलीकडून काहीच येत नाही. नुसत्या कोंबड्या. त्यांच्याशी काय भांडू?"

तिने दोन पेले आणले.

"ठेव तिचं नाव. पण एका अटीवर. पहिले ठोके धर्ममातेचे असतात. मी जोरात मारणार. माझ्या सगळ्या सॅलडसाठी."

बारशाला तिने खरेच असे ठोके मारले, की मनोऱ्यातली कबुतरे उडाली आणि फादरच्या हातून पाणी सांडले. "शाब्बास, म्हातारे!" मागून कोणी तरी ओरडले. लोक पोट धरून हसले. मीही हसलो.

दुसऱ्या दिवशी मी परसात कांद्याची रोपे लावत होतो. दुपारची घंटा झाली. मी वर बघितले आणि तसाच बसून राहिलो.

भिंतीपलीकडून आवाज आला, "आन्सेल्म! बहिरा झालास का? सिमोन कधीची हाक मारतेय! जेवायला जा!"

"आलो गं, आलो," मी म्हणालो, आणि हात धुवायला उठलो.