बायकांच्या दारावरचं कुलूप

आधी जरा उजेडात या, म्हणजे तोंड दिसेल. मी कुलूप बोलतोय. ओळख पटल्याशिवाय कुणापुढं उघडायचं नाही, ही आमची जातच. त्यामुळं संशय माझ्या अंगात जन्मापासूनच मुरलेला आहे, आणि पुढं जे पाहिलं त्यानं तो वाढतच गेला.

सेलूच्या बाजारात एका लोखंडाच्या दुकानात मी खोक्यात पडून होतो. शेजारची कुलपं कापसाच्या गोदामाला गेली, सोनाराच्या दुकानाला गेली. आपणही काहीतरी मोलाचं राखू, असं मला वाटायचं. एके दिवशी सिताराम साहेब आले. आडवाटेच्या एका लहान बसस्थानकाचे ते नियंत्रक. मला हातावर तोलत दुकानदाराला म्हणाले, "मजबूत हाय ना? बायका लय ओढतेत."

तिथंच मला शंका आली. बायकांनी ओढावं असं कोणतं धन हा माणूस राखणार होता?

धन म्हणजे स्थानकामागचं बायकांचं स्वच्छतागृह. नवंकोरं, पांढऱ्या फरश्यांचं, भिंतीला आरसासुद्धा. स्थानक स्वच्छ ठेवणं हे कायद्यानं तुमचं काम आहे, असं साहेबांना वरून बजावलं होतं. साहेबांनी त्यावर आपल्या परीनं तोड काढली. झाडायला माणूस बघा, टाकी भरा, रोजची कटकट करा, त्यापेक्षा दारच लावून टाकलं. कुणी आत गेलंच नाही तर घाण होईल कशी? त्यांना मनापासून वाटायचं की आपण कायदा पाळतोय. अशा माणसाची मला जास्त भीती वाटते.

माझ्यासमोर लिंबाखाली धुरपताबाई शेंगा-फुटाण्यांचं टोपलं घेऊन बसायच्या. पहिल्या गाडीपासून दिवेलागणीपर्यंत. पाण्याची बाटली सोबत आणायच्या आणि संध्याकाळी तशीच भरलेली घरी न्यायच्या. काय घातलंय बाईनं त्या बाटलीत, म्हणून मी बरेच दिवस डोळा ठेवून होतो. नुसतं पाणीच होतं. पाणी प्यायलं की जावं लागतं, आणि जायचं कुठं? मागच्या काटेरी बाभळींत जावं तर पानटपरीवरचे सगळे डोळे तिकडंच. म्हणून ही म्हातारी घसा कोरडा ठेवून दिवस काढायची.

एकदा उन्हाळ्यात ती टोपल्यावरच कोसळली. पाणी पीत जा, नाहीतर मूत्रपिंडं जातील, असं डॉक्टरांनी बजावलं. चार दिवसांनी ती पुन्हा लिंबाखाली आली. बाटली भरलेलीच. मला फार वाईट वाटलं, पण किल्लीशिवाय कुलपाला काय करता येतं?

सुकेशनी वकीलबाई परभणीच्या कोर्टात जायला इथूनच गाडी धरायच्या. येता-जाता मला एक हिसका देऊन बघायच्या. लक्षण चोराचं, म्हणून मी त्यांच्यावरही नजर ठेवली. एके दिवशी त्या थेट साहेबांपुढं उभ्या राहिल्या.

"साहेब, हे उघडत का न्हाई?"

"उघडं ठेवलं की घाण करतेत, मॅडम. मग जाब आमालाच."

"घाण झाली तर साफ करणं हेच तर तुमचं काम हाय. कायद्यानं बांधलेलं काम, मेहरबानी न्हाई. बंद ठेवून साफ ठेवलं, हे कोणत्या कायद्यात बसतं?"

साहेब हसले. वकीलबाईंनी वर तक्रार केली.

मग एका सकाळी मला फिनेलचा वास आला. फिनेलचा वास आला की समजावं, कुणीतरी बडं येणार. दरवेळी तसंच व्हायचं. मला काढायचे, नवा साबण ठेवायचे, पाहुणे गेले की साबणही जायचा आणि मी परत कडीला. यावेळी साहेबांनी मला पँटच्या खिशात कोंबलं आणि धुरपताबाईंना गाठलं.

"मावशी, इचारलं तर रोज जाते म्हणायचं. न्हाईतर उद्यापासून टोपलं स्थानकाबाहेर."

खिशाच्या फटीतून मी बघत होतो, तोवर तपासणीच्या बाई आल्या. फरशी बघून खूश झाल्या. वकीलबाई काही बोलणार, तोच तपासणीच्या बाईंनी धुरपताबाईंनाच विचारलं, "मावशी, तुम्ही इथंच जाता ना?"

"जाते की... रोज." म्हातारीची मान खाली.

"मग चला, दाखवा बरं मला."

धुरपताबाई उठल्या. उंबऱ्याशी आल्या, आत पाहिलं आणि थबकल्या. मग वाकून दोन्ही चपला काढल्या, भिंतीशी नीट जोडून ठेवल्या आणि अनवाणी पाऊल आत टाकलं.

तपासणीच्या बाई चपलांकडं बघत राहिल्या. "मावशी, रोज चपला काढून जाता?"

"एवढ्या चकचकीत फरशीवर चपला घालून कसं जावं, माय? देवळावानी हाय की..." आणि म्हातारीनं पदर तोंडाला लावला.

बाईंची नजर फिरत फिरत साहेबांच्या लोंबलेल्या खिशावर आली.

"काय आहे त्यात?"

साहेबांनी मला बाहेर काढलं. त्यांच्या तळव्याच्या घामानं मी भिजलो होतो.

"स्वच्छ ठेवायला सांगितलं होतं ते यांच्यासाठी," बाई म्हणाल्या. "माझ्यासाठी नाही. सरका आता, मावशींना जाऊन येऊ द्या."

आता दार उघडं असतं. बायनाबाई नावाची बाई रोज धुऊन काढते. फरशीवर पावलं उमटतात, कुठं चिखल, कुठं केस. धुरपताबाई दुपारी बाटली तोंडाला लावून घटाघटा पाणी पितात आणि मग चपला फटफटवत आत जातात. तो आवाज मला फार आवडतो.

मी साहेबांच्या खिडकीत पडलेला असतो. निवांत असायला हवा होतो. पण काल कुणीतरी मला पुसलं, किल्ली फिरवून पाहिली आणि तेल घातलं. उघड्या दाराच्या कुलपाला तेल कशाला लागतं?

म्हणून हात जोडून सांगतो, गाडीला वेळ असला तर मागं एक चक्कर मारा. मी पुन्हा कडीला दिसलो तर लाजू नका, जोरात हिसका द्या. स्थानकभर ऐकू जाईल असा आवाज करायचं मी बघतो.