सरुबाईंच्या गच्चीवरची धूळ मोजणारी डबी

मित्रांनो, मी धूळ मोजणारी एक जुनी डबी आहे. खराडीच्या एका कंपनीत नोकरी करणाऱ्या उत्कर्षाने सुटीच्या दिवशी मला स्वतःच्या हातांनी जोडले. शहराची हवा शहरातल्या माणसांनीच मोजावी, असा तिचा ध्यास होता.

तिने मला सरुबाईंच्या गच्चीवर बसवले. त्यांचे गाव नुकतेच शहराच्या हद्दीत आले होते आणि घरासमोर काँक्रीटचा कारखाना होता. सरुबाईंचे यजमान सोनबा दिवसभर खोकत. मी धुळीचे आकडे पाठवी आणि ते मोबाइलवरच्या नकाशात सगळ्यांना दिसत. त्याच आकड्यांवरून कारखान्याला नोटीस लागली. वस्तीत माझे फार कौतुक झाले आणि आणखी बऱ्याच घरांनी माझ्यासारख्या डब्या बसवून घेतल्या. सरुबाई मला रोज फडक्याने पुसू लागल्या.

पण आकड्याशेजारी सरुबाईंचे नाव आणि घर क्रमांकही दिसत होता.

एका दुपारी कारखान्याची चार माणसे जिना चढून आली. पुढच्याच्या मोबाइलवर तोच नकाशा होता.

"सरुबाई तूच का?"

"व्हय. काय काम हाय?"

त्याने लोखंडी गज माझ्यावर घातला. माझे झाकण फुटले, आतला छोटा पंखा उडून पडला. सोनबा मध्ये धावले. पुढचा घाव त्यांच्या उजव्या मनगटावर बसला आणि हाड कडकन मोडले. ते कोसळले, तरी दोघे त्यांना लाथा घालतच राहिले. सरुबाईंनी वाळत घातलेल्या मिरच्यांचे सूप एकाच्या तोंडावर भिरकावले. त्याने त्यांचे केस धरून डोके कठड्यावर आपटले. त्यांचे रक्त माझ्या वायरींवर ओघळले. शेजारी आरडाओरडा करत वर आले, तेव्हा कुठे ते चौघे पळाले.

उत्कर्षा दवाखान्यात आली, तेव्हा सरुबाईंच्या कपाळाला नऊ टाके पडले होते.

"मावशी, चूक माझी आहे. नाव टाकताना मी तुम्हाला विचारलंसुद्धा नाही."

"न्हाईच इचारलंस," सरुबाई म्हणाल्या. "मला वाटलं, डबी नुसती धूळ सांगती. माझं घर दावती, हे कुनी सांगितलं व्हतं?"

उत्कर्षाने त्याच दिवशी नकाशावरची सगळी नावे आणि पत्ते काढून टाकले. पोलिसांनी चौघांना धरले. पण वस्ती घाबरली होती. लोकांनी भराभर आपापल्या डब्या उतरवल्या.

मग डोक्याला पट्टी असतानाच सरुबाई घरोघर हिंडल्या. "आता कुनाचं घर दिसत न्हाई, म्या सोता बघितलंय," त्या सांगत. अकरा घरांनी पुन्हा डब्या लावल्या. त्या आकड्यांमुळे अखेर कारखाना वस्तीपासून दूर हलवावा लागला.

मी मात्र पुन्हा चालू झाले नाही. मित्रांनो, हवा जरूर मोजा. पण कोणाच्या घरावर यंत्र लावण्याआधी, त्यातून काय बाहेर जाणार आणि ते कोण पाहणार, हे त्या माणसाला सांगा. त्याने होकार दिला, तरच लावा. सोनबांची बोटे अजून वळत नाहीत. सरुबाई त्यांना घास भरवतात.