टाकीवर कोण होतं

इस्पितळाच्या जुन्या डॉक्टरांच्या मुलीने पिशवीतून एक झेरॉक्स काढून टेबलावर ठेवली आणि टाकीवाल्या काकांनी चहाचा कप खाली ठेवला. कागद पालथा होता, तरी मागून उमटलेल्या रजिस्टराच्या रकान्यांवरून त्यांनी तो ओळखला.

नौदलाच्या तळावरच्या इस्पितळाला साठ वर्षं होत होती. त्याचा इतिहास लिहायचं काम तिच्याकडे आलं होतं, आणि जुन्यांपैकी बोलण्याइतके शाबूत काका एकटेच उरले होते. तासभर ते भरभरून बोलले: पत्र्याचे पहिले वॉर्ड, युद्धात होड्यांतून आलेले जखमी आणि अर्थात ते चालवायचे ती टाकी. खोल पाण्यातून घाईने वर आलेल्या पाणबुड्याला त्या लोखंडी टाकीत निजवायचं, आतल्या हवेचा दाब वाढवायचा आणि मग तक्ता बघत तो सावकाश उतरवायचा. तक्त्यातली एक ओळ चुकली, की आतला माणूस गेलाच. एकदा तसं झालं होतं. आतला पाणबुड्या टाकीच्या खिडकीच्या जाड काचेआडून हात आपटत राहिला होता.

"काका, हे पान गाळते मी," ती म्हणाली. "तो पाणबुड्या बाबांच्या हातून गेला. रजिस्टरात त्यांनीच लिहिलंय, टाकीवर मी स्वतः होतो. बढती गेली, बदली झाली. आता गेलेल्या माणसाची अब्रू कशाला चव्हाट्यावर आणायची?"

आयती सुटका चालून आली होती. आत बायको भांडी लावत होती. तिलाही त्यांनी डॉक्टरांचीच चूक म्हणून सांगितलं होतं. काकांनी आतल्या दाराकडे पाहिलं. इतकी भीती त्यांना युद्धातसुद्धा वाटली नव्हती.

"गाळ," ते कसेबसे म्हणाले.

तिने कागदाची घडी घातली. "आई मात्र शेवटपर्यंत म्हणायची, यांच्या हातून असं व्हायचंच नाही. आम्हीच तिला गप्प बसवायचो."

ती उठली. दारात चप्पल घालायला वाकली.

"थांब, बाळ." काका खुर्चीतून उठले. "डॉक्टर तेव्हा जेवायला गेले होते. टाकीवर मी होतो. ओळ मी चुकलो."

ती एका पायात चप्पल घालून तशीच उभी राहिली.

"मग बाबांनी स्वतःचं नाव का घातलं?"

"पंधरा दिवसांवर माझं लग्न होतं. चौकशी लागली असती तर मुलीकडच्यांनी मोडलं असतं. मी त्यांचे पाय धरले."

आत भांड्यांचा आवाज थांबला.