उजेडाची फळी

मित्रांनो, मी एक जुनी उजेडाची फळी आहे. सध्या सार्मिली नावाच्या म्हाताऱ्या नटाच्या परसात कोंबड्यांच्या खुराड्याचं दार म्हणून उभी आहे. अंगभर शिटांचे डाग आहेत, पण एका कोपऱ्यात हातभर चंदेरी पत्रा अजून टिकून आहे. सकाळी त्यावर ऊन पडलं की मला जुनी स्वप्नं पडतात.

मूळची मी चहाच्या खोक्याची. डोंगरातल्या मळ्यातून, दूर पूर्वेकडच्या बेटावरल्या बटाव्हियाच्या बंदरात आले. खोक्याच्या आतला पातळ पत्रा सुतारानं सोलून माझ्या अंगावर डकवला. तेव्हा सिनेमा नवा होता, मुका होता आणि दिव्यांचा खर्च कुणाला झेपत नव्हता. ऊन झेलायचं आणि नटाच्या तोंडावर टाकायचं, एवढंच माझं काम. ते मी मोठ्या तोऱ्यात करत असे.

सार्मिली फिरत्या नाटक मंडळीतला नायक. देखणा होता, पण सवयीचा गुलाम. त्या नाटकांत रीतच होती, की नायक मेल्यावर लोकांनी टाळ्या पिटल्या, तर मेलेल्यानं उठायचं, गाणं म्हणायचं आणि पुन्हा मरायचं. बारा वर्षं तो असाच मरत आला होता.

नारळीच्या बागेत त्याच्या पहिल्या सिनेमाचं चित्रीकरण होतं. दोरीपलीकडे अख्खा गाव लोटला होता. तलवार लागून सार्मिली पडला, टाळ्या झाल्या आणि गडी उठून छातीवर हात ठेवून गाऊ लागला! मुक्या सिनेमात! सिनेमा काढणाऱ्या तान तौकेंनी कपाळाला हात लावला.

"अरे, मेलास ना तू?"

"लोक बोलावतायत, तौके. नाही उठलो तर त्यांचा अपमान होईल."

दुसऱ्यांदाही तेच झालं. तौके शांतपणे म्हणाले, "फिल्मचा हा शेवटचा तुकडा. आता उठलास तर तसाच तुझ्या नाटकाच्या तंबूत परत जा. मी दुसरा नायक बघतो."

तंबू उरलाच नव्हता. मंडळी महिन्यापूर्वीच मोडली होती. हे त्यानं फक्त आपल्या आईला, इजाहबाईला, माझ्या सावलीत भात खाता खाता सांगितलं होतं. इजाहबाईनं त्याचं एकही नाटक चुकवलं नव्हतं. आजही ती दोरीपाशी उभी होती.

तो तिसऱ्यांदा पडला. मी सगळं ऊन त्याच्या तोंडावर धरलं. टाळ्या झाल्या, वाढल्या. कुणी ओरडलं, "ऊठ की रे, किती भाव खातोस!" त्याची पापणीसुद्धा हलली नाही. हळूहळू टाळ्या विरल्या.

बारा वर्षं इजाहबाईचा लेक टाळ्यांना उठला होता. आज उठेना. ती दोरीखालून वाकून धावत आली आणि त्याचं डोकं तिनं मांडीवर घेतलं.

"मिली, ऊठ बाळा. लोक बोलावतायत ना."

तौकेंनी तिला थांबवायला हात उचलला आणि तसाच खाली घेतला. कॅमेऱ्याचा दांडा फिरत राहिला. सार्मिली पडून राहिला. फिल्म संपली तेव्हा कुठे त्यानं डोळे उघडले.

"मेल्या," म्हणून तिनं त्याच्या थोबाडीत दिली आणि मग त्याला छातीशी धरून खूप रडली.

त्या प्रसंगानं सार्मिलीचं नाव झालं. गावोगावचे लोक विचारत, ही म्हातारी नटी कोण?

मग युद्ध आलं. रिळं कुठल्याशा ओल्या कोठीत पडून राहिली, एकमेकांना चिकटली, वास मारू लागली आणि कचऱ्यात गेली. एकही प्रत उरली नाही. तौकेंची कंपनी बुडाली, तेव्हा सार्मिली मला हातगाडीवर घालून घरी घेऊन आला.

आता तो फार म्हातारा झाला आहे. कोंबड्यांना दाणे टाकून माझ्यासमोर बसतो. काल म्हणाला, "माझं काम गेलं त्याचं काही नाही गं. पण आईचा दुसरा एकही फोटो नाही. तिचं नाक कसं होतं, तेच आता आठवत नाही." मला फार वाईट वाटलं.

त्या दिवशी तो चेहरा मीच उजळला होता. पण मित्रांनो, मी उजेड फक्त पुढे टाकते, माझ्यापाशी काही उरत नाही. ठेवून घेणारी ती फिल्म होती आणि तिला कुणी कोरडी जागा दिली नाही. तुमच्या घरी कुणाचा चेहरा एखाद्या डब्यात पडला असेल, तर आजच ओलीतून बाहेर काढा. सार्मिली उद्याही येऊन बसेल, आणि त्याला दाखवायला माझ्याकडे नुसतं ऊन असेल.